सिग्नेबाईंच्या गाई

आयर्लंडहून परत आल्यापासून भेटेल तो विचारतो, काय काय पाहिलं? समुद्रावरचे उंच कडे पाहिले का, किल्ले पाहिले का? कड्यांवर मी गेलो होतो, पण धुक्यात ते दिसले नाहीत. किल्ला एक पाहिला, तोही चालत्या गाडीतून. मी मन भरून पाहिलं ते एका म्हाताऱ्या बाईंचं जेवणाचं टेबल. त्यासाठी सांगलीहून तिथवर गेलो आणि जे आणायला गेलो होतो ते घेऊन आलो.

आधी माझा राग सांगतो, कारण तो नसता तर हा प्रवासच झाला नसता. मी कॉलेजच्या दारात हातगाडीवर जुनी क्रमिक पुस्तकं विकायचो. पुढे गाइडं छापली, स्वतःचा छापखाना काढला आणि गेली काही वर्षं कादंबऱ्या छापतो. पुण्यात एका समारंभात एक मोठे प्रकाशक स्वतःच्याच सभागृहाच्या व्यासपीठावरून म्हणाले, "गाइडवालेही आता कादंबऱ्या काढायला लागलेत. उद्या प्रत्येक प्रकरणाखाली संभाव्य प्रश्न येतील." सभागृह हसलं. मी तिसऱ्या रांगेत होतो. विनोद चांगला होता म्हणून मीही हसलो, आणि परतताना कराडपर्यंत बायकोशी एक शब्द बोललो नाही. त्यानंतर ते गृहस्थ मला रोज एकदा तरी आठवतात, बहुतेक दाढी करताना.

अशात एक दिवस नीलिमाचं हस्तलिखित आलं. नीलिमा मिरजेची. तिचे वडील माझ्या गाडीवर पुस्तकं घ्यायचे आणि माझ्याइतकंच चिवटपणे भाव करायचे. ती सात वर्षं स्वीडनमध्ये नोकरीला होती, तिथली भाषा पक्की शिकली आणि आता डब्लिनजवळच्या औषधांच्या कारखान्यात आहे. संध्याकाळी कामावरून आल्यावर तिने सिग्ने हालवार्ड या स्वीडिश कादंबरीकार बाईंची 'शेवटचा उन्हाळा कुरणावर' ही कादंबरी थेट स्वीडिशमधून मराठीत आणली होती.

सिग्नेबाईंचं नाव मी तोवर ऐकलं नव्हतं. उत्तर स्वीडनमधल्या एका दरीत त्यांचा जन्म. वडील लाकूडतोडे, आई गुरं सांभाळायची. तरुणपणी त्या एका उन्हाळ्यासाठी आयर्लंडच्या क्लेअर भागात आल्या, तिथल्या गुरांच्या डॉक्टरशी लग्न केलं आणि तिथेच राहिल्या. नवरा जाऊनही आता बरीच वर्षं झाली. त्यांनी नऊ कादंबऱ्या लिहिल्या. सगळ्या स्वीडिशमध्ये आणि सगळ्या त्या एकाच दरीतल्या. ती दरी पुढे धरणाखाली गेली.

या कादंबरीत कारिन नावाची बाई गावाची गुरं उन्हाळ्यात डोंगरावरच्या कुरणावर नेते. शेवटच्या वर्षी गावाने सगळ्या गाई विकलेल्या असतात. खाली ट्रक उभे असतात. गाई कारिनशिवाय कोणाच्या हाकेला येत नाहीत, म्हणून हाकही तिलाच मारावी लागते. दोन पानं नुसती नावं आहेत. ज्या क्रमाने गाई झाडीतून बाहेर येतात, त्या क्रमाने.

मी ते छापखान्यात उभ्या उभ्या वाचलं आणि मशीन बंद करायला सांगितलं. माझ्या आईने म्हैस विकली तेव्हा म्हैस नव्या मालकाबरोबर पाऊल टाकेना. शेवटी आईच रस्त्याच्या टोकापर्यंत पुढे चालत गेली, तिला हाका मारत. हे मी कोणाला सांगितलं नव्हतं. स्वीडनमधल्या कोणा बाईला ते कसं कळलं, हे मला पाहायचं होतं.

तेवढ्यात बातमी आली की पुण्याचे ते प्रकाशकही याच पुस्तकाच्या मागे आहेत. बाईंच्या पुस्तकांचे हक्क सांभाळणाऱ्या स्टॉकहोमच्या कचेरीने दोघांनाही एकच अट कळवली: अनुवाद बाईंना मोठ्याने वाचून दाखवायचा, मग त्या ठरवतील. पुण्याहून वाचनाचं ध्वनिमुद्रण रवाना झालंसुद्धा. नीलिमा म्हणाली, भाऊ, मी इथेच आहे, जाऊन वाचून येते. मी म्हटलं, मी आंबेसुद्धा फोनवर घेत नाही. व्हिसाचा अर्ज आजच टाकतो.

ॲडम्सटाउन

नीलिमाचं घर ॲडम्सटाउनला, डब्लिनच्या पश्चिमेला. हे गाव आधी कागदावर आखलं आणि मग बांधलं. घरं एकसारखी, दारं तेवढी वेगवेगळ्या रंगांची. पहिल्या संध्याकाळी फिरायला गेलो आणि परत येताना चुकीच्या लाल दाराची घंटा वाजवली. आतून आलेल्या बाईंनी मला आत घेऊन चहा पाजला, माझं नाव तीनदा विचारलं आणि मग हात धरून बरोबर लाल दारापाशी आणून सोडलं. आपल्याकडे नवीन वसाहतीत चुकून कोणाची घंटा वाजवली तर आधी वॉचमन येतो.

नीलिमाची भाषा बदलली आहे. सगळं 'ग्रँड' असतं. भात कसा झाला, ग्रँड. प्रवास कसा झाला, ग्रँड. कपाटाला ती प्रेस म्हणते. तिचा नवरा मंदार चिप बनवणाऱ्या कारखान्यात इंजिनियर आहे. तो कमी बोलतो आणि उत्तम पिठलं करतो. मी सांगलीहून भडंग नेलं होतं. त्यातलं निम्मं सिग्नेबाईंसाठी बाजूला काढावं लागलं, कारण मंदार टीव्हीसमोर पिशवी घेऊनच बसला.

त्या रात्री जेवताना आमचं पहिलं भांडण झालं. गाईंची नावं मराठी करावीत असं माझं म्हणणं. इस्लामपूरच्या वाचकाने शॅर्ना, मायरूस, लिल्या कसं वाचायचं? शॅर्ना म्हणजे चांदणी ना, मग चांदणीच लिही. नीलिमाने नावं तशीच ठेवली होती आणि ती हलायला तयार नव्हती.

"तुमचा इस्लामपूरचा वाचक पिझ्झा खातो, भाऊ. त्याला एक गाय नाही पचणार?"

मंदार पिठल्यात हसला. मी रागावून ताटावरून उठलो आणि भूक असल्यामुळे परत बसलो.

एनिस

क्लेअर आयर्लंडच्या पश्चिमेला आहे. मोटारीने गेलो. एनिस हे तिथलं मुख्य गाव. अरुंद गल्ल्या, रंगवलेली दुकानं, आणि पाऊस म्हणावा तर नाही, नाही म्हणावा तर सदरा ओला. लोक त्याला पाऊस म्हणतच नाहीत. हॉटेलवाला मला म्हणाला की आज हवा जरा मऊ आहे. माझा चष्मा त्या मऊ हवेने दर दोन मिनिटांनी भरत होता.

बाजारात एका बाईंकडे लोकरीच्या टोप्या होत्या. मी सवयीने किमतीच्या निम्म्यावर सुरुवात केली. आपल्याकडे यावर विक्रेता कपाळावर हात मारतो, पोराबाळांची शपथ घेतो, मग आपण पाठ फिरवतो, मग तो हाक मारतो. या बाईंनी माझ्या डोक्याकडे पाहिलं, ओल्या चष्म्याकडे पाहिलं आणि म्हणाल्या की घे बाबा, तुला गरज आहे. एका वाक्यात सौदा संपला. इतका मिळमिळीत विजय मला कधी मिळाला नव्हता. मी चिडून त्यांच्याकडून दुसरी टोपी पूर्ण किमतीत घेतली.

जेवायला माशांचं दाटसर सूप आणि गव्हाचा काळपट, खरबरीत पाव मिळाला. त्यावर तिथलं लोणी लावायचं, आपण भाकरीवर लावतो तेवढ्याच सढळ हाताने. जेवताना नीलिमाने बजावलं की सिग्नेबाईंकडे भाव करायचा नाही. मी म्हटलं, मग मी आलोय कशाला? ती म्हणाली, "गप्प बसायला."

सिग्नेबाईंच्या टेबलाशी

घर गावाबाहेर, दोन्ही बाजूंना दगडी बांध असलेल्या बारीक रस्त्याच्या टोकाला. तसले बांध साताऱ्याकडे माळावर दिसतात, फक्त इथे त्यांच्यावर शेवाळ आहे. दारात सिग्नेबाई उभ्या होत्या. ऐंशीच्या पुढच्या, उंच, पांढरे केस पुरुषासारखे कापलेले, अंगात नवऱ्याचा म्हणावा असा ढगळ स्वेटर.

स्वयंपाकघरात लांब लाकडी टेबल होतं. त्यावर कॉफी आणि वळणावळणाचे गोड पाव. वास आला आणि मी थबकलो. वेलदोडा! थेट आमच्या होळीच्या पुरणाचा वास. बाईंनी बशी पुढे केली. मी रीतीप्रमाणे म्हटलं, नको नको. त्यांनी मान हलवली आणि बशी उचलून फडताळात ठेवून दिली. पुढचा दीड तास तो वेलदोडा दाराच्या फटीतून मला छळत होता.

इंग्रजी माझं मोडकं आहे, पण मी बोलायला घाबरत नाही. पहिलाच प्रश्न विचारला की पन्नास वर्षं आयर्लंडमध्ये राहून एकाही कादंबरीत आयर्लंड कसं नाही? बाई म्हणाल्या की शेजाऱ्यांबद्दल लिहिलं असतं तर शेजारी राहिले नसते. मग गंभीर होऊन म्हणाल्या की दरीबद्दल लिहिणारं दुसरं कोणी उरलं नाही, क्लेअरबद्दल लिहिणारे इथे घरटी एक आहेत.

त्यांची कामाची पद्धत त्यांनीच सांगितली. सकाळी पेन्सिलीने लिहायचं. दुपारी ते कागद घेऊन समोरच्या रस्त्यावर चालत मोठ्याने वाचायचं. वाचताना जिथे दम अडेल तिथे वाक्य चुकलं. घरी येऊन ते खोडायचं. नऊ कादंबऱ्या त्यांनी अशा चालत चालत पक्क्या केल्या. म्हणून अनुवादही त्या ऐकतात, भाषा येत नसली तरी.

"अर्थ मला कळणार नाही," त्या म्हणाल्या. "दम कुठे घेतला ते कळेल."

नीलिमाने वाचायला सुरुवात केली. बाईंनी स्वीडिश पुस्तक उघडून ओळीवर बोट ठेवलं. माणसांची आणि जागांची नावं दोन्ही भाषांत सारखी, त्यामुळे नाव आलं की बोट बरोबर तिथे पोचलेलं असायचं. मला ते पाहून मजा वाटत होती.

मग बाईंनी अचानक श्वास आत ओढला. तव्याला बोट लागल्यावर आपण ओढतो तसा, चटकन. मी दचकलो. नीलिमा वाचतच होती. थोड्या वेळाने परत तोच आवाज. परिच्छेद संपला की चटका, नवा सुरू होऊन दोन ओळी झाल्या की चटका. ही बाई एकेका वाक्याने भाजतेय आणि आमची मुलगी आगगाडीसारखी पुढे चाललीय. पुण्याच्या त्या गृहस्थांचा चेहरा माझ्या डोळ्यांसमोर आला. सभागृह पुन्हा हसायला लागलं.

मधल्या सुट्टीत मी नीलिमाला मागच्या दारी ओढलं. म्हटलं, काय करतेयस? त्यांना सोसत नाहीये.

"छान चाललंय, भाऊ."

"छान? बाई कण्हतायत."

"तुम्हाला भूक लागलीय," ती म्हणाली आणि आत गेली.

मला वाटलं ही आपली चूक झाकतेय. मी बांधापाशी उभा राहून स्वतःशीच दोन शिव्या दिल्या. बांधापलीकडे शेजाऱ्याच्या गाई चरत होत्या. चांगल्या भरलेल्या, पण एकीच्याही कपाळावर चांदणी नव्हती.

आत गेलो तेव्हा नीलिमा नावांच्या त्या दोन पानांवर आली होती. तिने आवाज खाली घेतला. रूसा. मायरूस. शॅर्ना. बाईंचं बोट एकेका नावावरून सरकत होतं, गाय बाहेर यायची वाट बघत थांबत होतं, मग पुढे. आता त्या श्वास ओढत नव्हत्या. शेवटची गाय आली तेव्हा त्यांनी पुस्तक मिटलं. नावं मराठी करायचा माझा हट्ट त्या बोटाबरोबर कुठे गेला मला कळलं नाही. चांदणी लिहिली असती तर ते बोट शॅर्नापाशी वाट बघत थांबून राहिलं असतं.

मग त्यांनी माझ्याकडे पाहून विचारलं की तुमच्याकडे गुरांना हाक कशी मारतात? पुस्तकात हाकेचे नुसते स्वर आहेत, ते लिहून समजत नाहीत.

मी उभा राहिलो. आईची हाक मी चाळीस वर्षांत मारली नव्हती. खिडकी उघडी होती.

"येऽऽ गं चांदे, ये गं ये, येऽऽऽ!"

शेजाऱ्याच्या गाईंनी ढुंकूनही पाहिलं नाही. शेजारी मात्र आला. मिक त्याचं नाव, पायात चिखलाचे बूट. बांधावरून डोकं काढून त्याने विचारलं की हा माणूस घ्यायला आलाय की विकायला? घ्यायला, मी म्हटलं. मग जोरात ओरडत जा, तो म्हणाला आणि गेला.

मी बाईंना म्हशीची गोष्ट सांगितली. आई पुढे, म्हैस मागे, रस्त्याच्या टोकापर्यंत. परत येताना आईच्या हातात रिकामं दावं होतं आणि ते तिने घरी आल्यावरही सोडलं नाही. नीलिमाने त्यातलं अर्धं स्वीडिशमध्ये सांगितलं, कारण माझं इंग्रजी तिथे संपलं. बाईंनी उठून फडताळातली बशी काढून माझ्यासमोर ठेवली. या वेळी मी नको म्हटलं नाही.

खाताना त्या म्हणाल्या की पुण्याहून आलेलं वाचनही त्यांनी असंच बोट ठेवून ऐकलं होतं. ते इंग्रजीवरून केलेलं असावं, आणि कोणीतरी मध्येच पानं कमी केली होती.

"लिल्या आणि डोक्का आल्याच नाहीत," त्या म्हणाल्या. "मी वाट बघत बसले."

माझ्या अंगातला व्यापारी पाव चघळता चघळता जागा झाला. समोरचा मऊ झालाय तेव्हाच मोठं मागायचं, हे मी हातगाडीवर शिकलोय. नीलिमाच्या डोळ्यांतली सूचना न पाहता मी म्हटलं की मला एक पुस्तक नको. मला सगळी नऊ द्या. मराठीत फक्त मीच छापणार, अनुवाद हीच करणार आणि एकही गाय हरवणार नाही.

बाईंनी चटकन श्वास आत ओढला.

झालं, मला वाटलं. फार ताणलं. अशा वेळी लगेच खाली यायचं असतं. मी म्हटलं, बरं, पाच द्या.

बाईंनी भुवया उंचावल्या आणि पुन्हा श्वास ओढला.

"चार. सुरुवातीला चार तरी—"

टेबलाखाली नीलिमाने माझ्या नडगीवर अशी लाथ मारली की उरलेलं वाक्य गिळावं लागलं.

"भाऊ, गप्प बसा. ती हो म्हणतेय."

"कधी?"

"तो श्वास म्हणजेच हो. उत्तर स्वीडनचे लोक असंच हो म्हणतात. नऊला हो म्हणाली, पाचला हो म्हणाली, अजून थोडं बोललात तर एकालाही हो म्हणेल."

मी बाईंकडे पाहिलं. त्यांना मराठी येत नव्हती, पण काय झालं ते त्यांना कळलं होतं. मग मला सगळं वाचन आठवलं. एकेक परिच्छेद, एकेक चटका. ती बाई दीड तास आमच्या मराठीला हो, हो, हो म्हणत बसली होती, आणि मी मागच्या दारी शिव्या देत होतो.

सिग्नेबाईंनी विचारलं की मला बाकीच्या कादंबऱ्या आवडत नाहीत का, पुस्तकं का कमी होत चालली आहेत? मी दोन्ही हात वर केले आणि एक अंगठा मिटला. नऊ. बाईंनी श्वास आत ओढला. मी या वेळी तोंड घट्ट मिटून बसलो. आयुष्यात पहिल्यांदा समोरच्याच्या होकारानंतर गप्प बसलो. मग त्यांनी माझ्याशी हात मिळवला, नीलिमाला जवळ घेतलं आणि भडंगाची पिशवी उघडली. पहिल्या घासाला ठसका लागला, डोळ्यांत पाणी आलं. तरी पुन्हा बांधापाशी आलेल्या मिकला पिशवी त्यांनी खिडकीतून दाखवली, दिली मात्र नाही.

निघताना मिकला हा श्वासाचा प्रकार सांगितला. तो म्हणाला की त्याची आजीही तसंच करायची, क्लेअरमध्ये अजून निम्म्या म्हाताऱ्या करतात. त्यात सांगण्यासारखं काय आहे हे त्याला कळेना.

परतीच्या वाटेवर मी नीलिमाला म्हटलं की पहिल्या छपाईत अनुवादकाचं नाव मुखपृष्ठावर येईल, लेखिकेच्या खाली, माझ्या वर. तिने गिअर बदलला. मग म्हणाली, ग्रँड.

सांगली

बातमी वर्तमानपत्रात आली त्याच आठवड्यात पुण्याहून फोन आला. तेच गृहस्थ. आवाज गोड होता. अभिनंदन केलं, मराठीला असं साहित्य हवंच आहे म्हणाले. मग मुद्द्यावर आले. पुस्तक त्यांच्या दुकानांत ठेवायला त्यांना आवडेल. माझी हरकत नाही ना?

हरकत कसली? त्यांची दुकानं चांगली आहेत, गर्दी असते. मी श्वास आत ओढला, चटकन, आणि थांबलो.

पलीकडून खुर्ची सरकल्याचा आवाज आला.

"म्हणजे अगदी समोरच्या टेबलावर ठेवू," ते म्हणाले.

मी पुन्हा श्वास ओढला.

"बरं, दर्शनी खिडकीत. पूर्ण खिडकी, पंधरा दिवस."

मी पुन्हा.

"हे बघा," ते जरा घाईने म्हणाले, "प्रकाशन समारंभ आमच्या सभागृहात करू. त्याच. व्यवस्था आमची. तुम्ही व्यासपीठावर बसा, मी समोर बसतो. आता तरी हो म्हणा."

मी तर पहिल्याच वेळी हो म्हटलं होतं.